लिहिलेली सनद आणि ऐकणारे कान



राज्यघटना हा विषय कोरडा, असा समज आहे. परंतु श्रवणाचे सामर्थ्य जाणणाऱ्या आपणांसारख्या श्रोत्यांपुढे तो मांडण्यास मला संकोच वाटत नाही. कारण आज सांगावयाची गोष्ट मूलतः श्रवणाचीच आहे.

उत्तर अमेरिकेतील तेरा इंग्रज वसाहतींनी १७७६ च्या जुलैत स्वातंत्र्याचा जाहीरनामा काढला. पुष्कळांनी तो वाचला नाही, ऐकला. ९ जुलैस न्यूयॉर्क येथे वॉशिंग्टनच्या सैन्यापुढे त्याचे वाचन झाले आणि त्याच दिवशी लोकांनी तिसऱ्या जॉर्ज राजाचा पुतळा दोर लावून पाडला. सर्व मनुष्ये समान, असे त्यात म्हटले होते. लिहिणारा जेफरसन मात्र स्वतः गुलामांचा धनी होता. ही विसंगती झाकण्यात काय अर्थ?

मॅसॅच्युसेट्स प्रांतात पुढे निराळेच घडले. विधिमंडळाने तयार केलेली घटना तेथील गावांनी १७७८ मध्ये फेटाळली. तीत हक्कांची सनद नव्हती, ही एक मोठी तक्रार. मग जॉन अ‍ॅडम्सने मुख्यतः लिहिलेला नवा मसुदा १७८० मध्ये गावोगावच्या सभांपुढे आला. शेतकरी, लोहार, दुकानदार यांनी त्यातील कलमांवर वाद घातले. राजाची प्रजा नागरिक होऊ लागली ती या सभांत, असे मला वाटते. त्या घटनेच्या पहिल्याच कलमात सर्व माणसे जन्मतः स्वतंत्र व समान असल्याचे म्हटले होते.

शेफील्ड गावी अ‍ॅशली नावाच्या प्रतिष्ठित गृहस्थाच्या घरी बेट्ट नावाची दासी होती. तिला अक्षरओळख नव्हती. मालकिणीने दुसऱ्या मुलीवर उगारलेला तापलेल्या फावड्याचा घाव तिने आपल्या हातावर झेलला, असे सांगतात. सनदेची चर्चा तिच्या कानी पडली होती. ‘सर्व’ या शब्दात आपणही येतो, एवढे तिला उमजले आणि ती थिओडोर सेजविक या वकिलाकडे गेली. विधिमंडळातल्या थोरांना जे सुचले नव्हते, ते तिला सुचले! १७८१ मध्ये ग्रेट बॅरिंग्टनच्या न्यायालयात ज्यूरीने तिला व ब्रॉम नावाच्या दासाला मुक्त ठरविले, वर तीस शिलिंग नुकसानभरपाई देवविली. तिने एलिझाबेथ फ्रीमन हे नाव धारण केले. फ्रीमन म्हणजे स्वतंत्र मनुष्य. १७८३ मध्ये क्वॉक वॉकर याच्या खटल्यात सरन्यायाधीश कुशिंग यांनी त्याच कलमाचा आधार घेतला; १७९० च्या शिरगणतीत त्या राज्यात एकही गुलाम नोंदला गेला नाही.

अखिल राष्ट्राचे मात्र असे झाले नाही. १७८१ च्या पहिल्या संघकराराने मध्यवर्ती सरकारला कर बसविण्याचाही अधिकार दिला नव्हता. तो दुबळेपणा घालविण्यासाठी १७८७ ची राज्यघटना झाली. पण तीत दासांची गणना तीन-पंचमांश धरली, आणि ‘गुलाम’ हा शब्द तेवढा कटाक्षाने टाळला. हक्कांची दहा कलमे १७९१ मध्ये तीस जोडली गेली, तीही लोकांनी आग्रह धरला म्हणून. त्यांतही दास्याविषयी अक्षर नव्हते.

एलिझाबेथ फ्रीमन पुढे सेजविक यांच्याच घरी पगारावर राहिली. स्वतःच्या कमाईतून तिने घर घेतले. १८२९ मध्ये ती वारली, तेव्हा दक्षिणेकडील राज्यांत लाखो माणसे गुलामीतच होती. त्यांच्या मुक्ततेचे कलम घटनेत यावयास १८६५ साल उजाडावे लागले.