रुआन लिंगयू : मूकपटाची नायिका



आज ऐकूया शांघायच्या एका अभिनेत्रीविषयी.
तिचं नाव, रुआन लिंगयू.

आई लोकांच्या घरी राबणारी मोलकरीण.
लेक १९२६ साली, कोवळ्या वयात, चित्रपटात आली.

काळ मूकपटांचा.
आवाज नाही.
बोलायचं ते चेहऱ्याने.

१९३४चा ‘देवी’ जरूर पाहा.
मुलाला शिकवण्यासाठी देह विकणारी आई तिने साकारली.
लोक कुजबुजतात, शाळा मुलाला काढून टाकते.
ती छाती पिटत नाही.
नुसते डोळे आणि खांदे!
पुन्हा सांगते, आवाज नाही.
तरी त्या आईचं सगळं दुःख आपल्यापर्यंत पोहोचतं.

पुढे वृत्तपत्रांनी तिच्या खासगी आयुष्यावर चिखलफेक केली.
फार निर्दयपणे केली.
८ मार्च १९३५ रोजी, अवघ्या चोविसाव्या वर्षी, तिने आयुष्य संपवलं.

तिच्यावरचा हाँगकाँगचा चित्रपट १९९१ सालचा.
त्यात ती रंगवणाऱ्या मॅगी चेउंगला बर्लिन महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.