इथे सारंगी नको



मला भाषणाची सवय नाही. मी पार्श्वसंगीत करणारी बाई. माझं काम चाललंय हे कुणाच्या लक्षातही येऊ नये, अशीच त्याची तऱ्हा. स्वयंपाकासारखंच म्हणा ना, मीठ जास्त झालं की मगच बाईची आठवण!

१९३५ साली बॉम्बे टॉकीजच्या 'जवानी की हवा'ला खुर्शीद मिनोचर-होमजी या पारशी बाईंनी संगीत दिलं. समाजातून विरोध झाला, म्हणून पडद्यावर नाव आलं सरस्वतीदेवी. 'साधी माणसं'ला लताबाईंनी संगीत दिलं, तेही 'आनंदघन' या नावानं. माझं नाव माझंच आलं, पण पहिल्या माहितीपटात 'संगीत साहाय्य' म्हणून. सगळं मीच केलेलं. साहाय्य कुणाला केलं, ते मला अजून कळलेलं नाही.

छोट्या चित्रपटांत पैसा शेवटी संगीताशी येऊन संपतो. संकलन झालेला चित्रपट पाहायचा, संगीत कुठल्या सेकंदाला सुरू आणि कुठे बंद ते वहीत टिपायचं, आणि वीस वादकांचं काम एक बासरी आणि घरची पेटी यांवर भागवायचं. त्याचं मला दुःख नाही. कमी वाद्यांत माणसाचा आवाज नीट ऐकू येतो.

एका माहितीपटात एक बाई सासरची मारहाण सांगते. चार मिनिटं सलग. दिग्दर्शिका आपल्यातलीच. ती म्हणाली, "इथे सारंगी हवी." मी लावून दाखवली. खोलीतल्या सगळ्यांच्या डोळ्यांत पाणी. मग मी विचारलं, "पोलिसांनी तिला किती वेळा परत पाठवलं?" एकीलाही सांगता येईना. तीन वेळा, असं ती स्वच्छ बोलली होती. सारंगी ऐकताना आपण तिला ऐकायचंच सोडलं होतं. मी सारंगी काढून टाकली. राहिला तिचा आवाज आणि वरच्या पंख्याची करकर.

पुढची गंमत ऐका. हिशेबाच्या वेळी कुणीतरी म्हणालं, त्या चार मिनिटांत संगीतच नाही, मग त्याचे पैसे कशाचे? आणि हे तर चळवळीचं काम! कॅमेऱ्याचं भाडं मात्र चुकतं झालं होतं. वादकांचे पैसे मी माझ्या पर्समधून दिले. हे घरच्यांविषयी बोलतेय, म्हणून जरा जड जातंय.

२०१२ साली कॉपीराइट कायदा बदलला. चित्रपट थिएटरबाहेर, टीव्हीवर वगैरे दाखवला, तर त्यातल्या संगीताच्या रॉयल्टीत संगीतकाराचा समान वाटा असतो. तो तिला सोडून देता येत नाही, तिनं सही केली तरीही. तरी माझ्यापुढे येणाऱ्या करारांत 'सर्व हक्क कायमचे' हे असतंच. नव्या मुली घाईनं सह्या करतात. मीही केल्या, कारण काम हातचं जाईल ही भीती होती.

आता तुमच्यातल्याच एका गटाचा माहितीपट हाती घेतलाय. करार मीच लिहून आणलाय, एकच पान आहे. चहाच्या वेळी वाचून घ्या, आणि खोडायचं असेल ते माझ्यासमोर खोडा.