‘भाषांतर’ म्हणजे काय ?

(सुवर्णमहोत्सवाच्या सभेंत दिलेलें भाषण)



महोत्सवाच्या कार्यक्रमाची पत्रिका आपणां सर्वांच्या घरीं पोंचली आहे. तींत पोपसाहेबांच्या संदेशाखालीं ‘भाषांतर’ असा शब्द छापला आहे, आणि पान उलटतांच एका स्तोत्राखालीं ‘अनुवाद’. गेल्या रविवारीं मिस्सा आटोपल्यावर एका तरुणानें मला देवळाच्या पायऱ्यांवर गांठलें व विचारलें, ‘सर, हे दोन शब्द निराळे कीं छापणाऱ्याची चूक ?’ मीं घाईघाईनें ‘एकच’ म्हणून सांगितलें, आणि घरीं पोंचेपर्यंत माझी मलाच लाज वाटली. जन्मभर मराठी शिकविलेल्या माणसानें असें उत्तर देऊं नये. ज्युबिली कमिटीनें मला आज वीस मिनिटें दिलीं आहेत. तीं त्या तरुणाचें देणें फेडण्यांत खर्च करावीं असें मीं ठरविलें आहे.

प्रथम ‘भाषांतर’. संस्कृतांत समासाच्या शेवटीं येणारा ‘अंतर’ हा शब्द ‘दुसरा’ ह्या अर्थानें येतो. देशांतर म्हणजे दुसरा देश, जन्मांतर म्हणजे दुसरा जन्म. त्याचप्रमाणें भाषांतर म्हणजे मुळांत दुसरी भाषा, एवढेंच. एका भाषेंतून दुसरींत नेण्याची क्रिया हा अर्थ त्यास मागाहून चिकटला. स्थलांतर, वेषांतर, मतांतर, धर्मांतर हीं सारीं त्याच कुळांतील भावंडें होत. परंतु मराठी कानास ‘अंतर’ म्हटलें कीं दोन गांवांमधील कोस आठवतात, आणि संतांच्या मराठींत तर अंतर म्हणजे अंतःकरण. व्याकरण पहिल्या अर्थाच्या बाजूस उभें आहे हें खरें. तथापि जो कोणी भाषांतर करावयास बसला आहे त्यास हे तिन्ही अर्थ सोसावे लागतात.

‘अनुवाद’ ह्या शब्दाची कुळी निराळी. अनु म्हणजे मागून आणि वाद म्हणजे बोलणें. गुरूनें म्हणावें आणि शिष्यानें त्यामागून म्हणावें, हा मूळचा अनुवाद. त्यांत भाषा बदलण्याचा कांहीं संबंध नव्हता. न्यायशास्त्रांत तर ‘पुनरुक्ति’ आणि ‘अनुवाद’ ह्यांमध्यें स्पष्ट भेद केलेला आहे. तीच गोष्ट उगीच पुन्हां सांगणें ही पुनरुक्ति, आणि कांहीं हेतु मनांत धरून पुन्हां सांगणें हा अनुवाद. एखाद्यास ‘लवकर, लवकर जा’ म्हटलें, तर तेथें दुसरा ‘लवकर’ वायां गेलेला नाहीं. पाय उचलावयास लावणारा तोच. आपल्या घरीं सायंकाळीं जपमाळेच्या वेळीं एक जण अर्धी प्रार्थना म्हणतो आणि सर्व कुटुंब उरलेली अर्धी म्हणतें, तीच प्रार्थना पन्नास वेळां होते, आणि बाहेरचा मनुष्य ती पुनरुक्ति समजतो. नैयायिकानें तिला अनुवाद म्हटलें असतें.

पुढें हिंदींत व बंगालींत हा शब्द भाषांतर ह्या अर्थीं रूढ झाला आणि मराठींतही तो त्याच अर्थानें सर्रास चालतो. माझें मत विचाराल तर सरकारी कागद, करारनामा किंवा वरिष्ठांचा संदेश ह्यांचें भाषांतर व्हावें, आणि गीताचा किंवा कादंबरीचा अनुवाद. पहिल्या ठिकाणीं शब्द जबाबदार असतो, दुसऱ्या ठिकाणीं सूर. तेव्हां पत्रिका छापणारा, जाणून असो वा नकळत, बरोबरच होता.

‘तर्जुमा’ हा तिसरा शब्द फारसी दफ्तरांतून कचेरीच्या मार्गानें आपल्याकडे आला. त्याविषयीं फार बोलत नाहीं; एवढेंच सांगतों कीं त्याचें गोत्र ‘तार्गुम’ ह्या शब्दाशीं जुळतें. बाबिलोनच्या बंदिवासानंतर यहुदी लोकांच्या तोंडीं आरामी भाषा बसली आणि शास्त्रग्रंथ तर हिब्रू भाषेंत. तेव्हां सभास्थानांत वाचन झाल्याबरोबर त्याचा आरामी भाषेंत अर्थ सांगण्याची चाल पडली, त्या अर्थकथनास तार्गुम म्हणत. नहेम्याच्या ग्रंथाच्या आठव्या अध्यायांत एज्रा शास्त्री लांकडी मंचावर उभा राहून नियमशास्त्र वाचतो, लेवी लोकांस त्याचा अर्थ समजावून देतात आणि लोक रडूं लागतात, असें वर्णन आहे. तार्गुमाची परंपरा यहुदी पंडित तेथूनच मोजतात. कचेरींतला रुक्ष तर्जुमा आणि हें रडणें एकाच घरचें, ही गोष्ट मला फार आवडते.

आतां लॅटिन. ‘ट्रान्सलातियो’ म्हणजे पलीकडे वाहून नेणें, आणि इंग्रजी ‘ट्रान्सलेशन’ त्यावरूनच आलें. परंतु ख्रिस्तसभेंत हा शब्द केवळ पुस्तकांपुरता नाहीं. बिशपांची एका पीठावरून दुसऱ्या पीठावर नेमणूक झाली तरी ट्रान्सलातियो, आणि संतांचे पवित्र अवशेष एका ठिकाणाहून दुसऱ्या ठिकाणीं नेले तरीही ट्रान्सलातियोच. संत फ्रान्सिस झेवियर 3 डिसेंबर 1552 रोजीं चीनच्या किनाऱ्याजवळील सांचियन बेटावर निवर्तले. 1553 सालीं त्यांचा देह मलाक्का येथें आणि 1554 च्या मार्च महिन्यांत गोव्यास आणण्यांत आला. तें सर्व ह्याच शब्दांत बसतें. ज्यांनीं ती पेटी वाहिली त्यांचें काम आंत कांहीं घालण्याचें नव्हतें आणि कांहीं काढण्याचेंही नव्हतें.

तथापि शब्द हे पेटींत बसत नाहींत, आणि ह्याचा सर्वांत मोठा दाखला खुद्द झेवियर महाराजांच्याच चरित्रांत आहे. 15 ऑगस्ट 1549 रोजीं ते जपानांत कागोशिमा येथें उतरले. बरोबर आन्जिरो नांवाचा जपानी गृहस्थ दुभाषी होता. त्याचा बाप्तिस्मा आदल्या वर्षीं गोव्यास झालेला. मनुष्य निष्ठावंत, परंतु शास्त्र शिकलेला नव्हे. ‘देव’ ह्यास जपानींत काय म्हणावें असें विचारतां त्यानें ‘दाइनिचि’ हा शब्द दिला. दाइनिचि म्हणजे महासूर्य. आपल्याकडील ‘महावैरोचन’ ह्या संस्कृत नांवाचें तें जपानी रूप होय, आणि तेथील शिंगोन पंथाचे बौद्ध लोक त्या बुद्धाची उपासना करतात. झेवियर महाराज रस्त्यारस्त्यांवर दाइनिचीस भजा म्हणून सांगूं लागले आणि शिंगोन पंथाच्या भिक्षूंनीं मोठ्या आनंदानें त्यांचें स्वागत केलें, कारण हा परदेशी पुरुष आपलाच धर्म सांगतो असें त्यांस वाटलें. 1551 सालीं यामागुची येथें खुलासा झाला. त्रैक्याविषयीं आणि शब्द देही झाला ह्या रहस्याविषयीं प्रश्न केल्यावर भिक्षु हंसूं लागले, तेव्हां झेवियर महाराजांच्या ध्यानीं आलें. त्यांनीं आपल्या सोबत्यास तत्काळ रस्त्यावर पाठविलें, दाइनिचीस भजूं नका म्हणून.

बंधूंनो, जो शब्द दोन वर्षें आपण स्वतःच लोकांच्या तोंडीं घातला तोच काढून घेण्यास केवढें धैर्य लागलें असेल ! त्याऐवजीं त्यांनीं लॅटिन ‘देउस’ हाच शब्द जसाच्या तसा ठेवला. त्यावर विरोधकांनीं लागलीच कोटी केली, कारण जपानी उच्चारांत त्याचा ‘दाइ उसो’ असा भास होतो, म्हणजे मोठी थाप. भाषांतर करावें तर अर्थ बदलतो, न करावें तर थट्टा होते. फादर टॉमस स्टीफन्स ह्यांनीं 1616 सालीं राशोल येथें ‘ख्रिस्तपुराण’ छापविलें तेव्हां त्यांच्यापुढेंही हेंच कोडें होतें. त्यांनीं स्वर्गास वैकुंठ म्हटलें, पण पवित्र आत्म्यास ‘स्पिरितु सांतु’च राहूं दिलें. कांहीं शब्द वाहून न्यावे, कांहीं पेरावे, असा त्यांचा हिशेब दिसतो. आपण रोज ‘नाताळ’ म्हणतों तो पोर्तुगीज शब्दही कोणी भाषांतरित केला नाहीं, आणि आज तो सर्व महाराष्ट्राचा झाला आहे.

जपानची गोष्ट काढली ती आणखी एका कारणासाठीं. आपल्या वसईचे संत गोन्सालो गार्सिया ह्यांस आपण हुतात्मा म्हणून ओळखतों. त्यांच्या नांवाचें चर्च आहे, महाविद्यालय आहे. परंतु ते कोणतें काम करीत होते हें आपल्या मुलांस विचारून पाहा. ते दुभाषी होते. तरुणपणीं जपानांत येशूसंघीयांच्या सेवेंत राहून ते तेथील भाषा शिकले, पुढें व्यापारांत पडले, आणि शेवटीं मनिला येथें फ्रान्सिस्कन संघांत बंधु म्हणून दाखल झाले. 1593 सालीं पेद्रो बाउतिस्ता हे वकील म्हणून जपानच्या हिदेयोशीकडे गेले तेव्हां त्या बलाढ्य सत्ताधीशासमोर त्यांचे शब्द जपानींत बोलणारा मनुष्य वसईचा होता. 5 फेब्रुवारी 1597 रोजीं नागासाकी येथें सव्वीस जणांस क्रुसांवर चढविलें, त्यांत ते दोघेही होते. दुभाष्यास नेहमीं एक सोयीची पळवाट असते. हें माझें बोलणें नव्हे, मीं फक्त सांगितलें, असें त्यास म्हणतां येतें. गोन्सालोंनीं ती पळवाट घेतली नाहीं. मराठींत ‘दुभाषी’ आणि ‘दुतोंडी’ हे शब्द किती जवळजवळ राहतात हें पाहिलें कीं मला त्यांची आठवण येते.

आणि लोकही भाषांतरकारास सहज सोडीत नाहींत बरें ! संत जेरोम ह्यांनीं हिब्रूवरून नवीन लॅटिन पाठ केला, तेव्हां योनाच्या डोक्यावर सांवली धरणाऱ्या वेलीस त्यांनीं जुन्या पाठांतील ‘भोपळा’ न म्हणतां ‘आयव्ही’ हा वेल म्हटलें. उत्तर आफ्रिकेंतील ओएआ नगरांत, म्हणजे आजच्या त्रिपोलींत, तें वाचन होतांच देवळांत एवढा गोंधळ माजला कीं, लोक टिकावेत म्हणून तेथील बिशपांस जुनाच शब्द परत घ्यावा लागला. संत ऑगस्टीन ह्यांनीं सुमारें 403 सालीं जेरोमना पत्रानें हा प्रकार कळविला. जेरोमचें म्हणणें असें कीं त्या झाडास लॅटिनमध्यें नांवच नाहीं. आज पुष्कळ अभ्यासक तो एरंड मानतात. म्हणजे ज्याच्यासाठीं भांडण झालें तें झाड आपल्या कुंपणाला उभें आहे. त्या लोकांस मी हंसत नाहीं. त्यांनीं लहानपणापासून भोपळ्याचा मांडव ऐकला होता, आणि चित्रांतही तोच पाहिला होता.

आतां एक गोष्ट सांगून खालीं बसतों. ती मीं आजवर सभेंत सांगितलेली नाहीं.

माझी आत्या आपल्या जुन्या सामवेदी बोलींतच बोलत असे. पुस्तकी मराठी तिला कळे, पण जीभ वळत नसे. 1996 च्या पावसाळ्यांत ती मुंबईच्या एका रुग्णालयांत शेवटच्या दुखण्यानें पडली. पाणी सांचल्यामुळें वसईहून फादर येऊं शकले नाहींत. तेथें जे फादर मिळाले ते केरळचे. त्यांस आपली बोली तर सोडाच, मराठीही येत नव्हती. आत्यास प्रायश्चित्त-संस्कार हवा होता. फादरांनीं मला व्हरांड्यांत घेऊन समजाविलें कीं धर्मसंहितेप्रमाणें दुभाष्याच्या मुखानें पापकबुली देतां येते, मात्र तशी सक्ति कोणावर नाहीं, आणि दुभाष्यासही गुप्ततेचें बंधन आहे. मीं आत्यास विचारलें. तिनें माझ्याकडे पुष्कळ वेळ पाहिलें. मला तिनें अंगाखांद्यावर वाढविलें होतें. मग तिनें मान हलविली.

त्यानंतर काय झालें तें मी सांगणार नाहीं. आज नाहीं आणि कधींच नाहीं. सांगतां येतें तें फक्त माझ्याविषयीं. आरंभ करण्यापूर्वीं मीं फादरांस विचारलें, ‘ती म्हणते कीं’ असें म्हणावयाचें ना ? त्यांनीं हळूच म्हटलें, ‘नाहीं. मी म्हणा.’ तेव्हां त्या खाटेशेजारीं गुडघे टेकून पाव तास मी माझ्या आत्याचा ‘मी’ झालों, आणि मग त्याच पाव तासांत परत फिरून फादरांचा ‘मी’ होऊन तिला क्षमेचे शब्द तिच्या बोलींत सांगितले. त्या बोलींत ते शब्द पूर्वीं कोणी उच्चारले असतील असें मला वाटत नाहीं. मीं ते तेथल्या तेथें जुळविले. घरांत लहान मुलाचा अपराध पोटांत घालतांना ती स्वतः जें म्हणत असे त्यांतलेच.

चौथ्या दिवशीं ती गेली. पुढें ते फादर एकदां भेटले. आम्हीं पावसाविषयीं बोललों.

माझीं वीस मिनिटें संपलीं आहेत, आणि कोऑयरची मंडळी तिष्ठत आहे. तो तरुण सभेंत कोठें असेल तर त्यानें चहाच्या वेळीं मला अवश्य भेटावें.