न्यायालयाचा हुकूम आणि सरकार

सोलापूरहून पुण्याच्या वाटेला लागलें कीं मोहोळ तालुक्यांत चिंचोळीची औद्योगिक वसाहत लागते. अशा वसाहतींतील कारखान्याचें चाक फिरण्यापूर्वीं सरकारी परवानगीचे कागद हातीं यावे लागतात. त्या कागदावरील सहीला मोल येतें तें कायद्यामुळें. मग सही करणाराच न्यायालयाचा हुकूम मोडून सही करील तर? हा प्रश्न काल्पनिक नाहीं. कारखान्यांच्या परवानगीवरूनच तो महाराष्ट्रांत उपस्थित झाला.

जंगलतोडीसंबंधींचा गोदावर्मन खटला १९९५ सालीं सर्वोच्च न्यायालयापुढें आला. लाकूड कापणाऱ्या गिरण्या वाढल्या कीं त्यांची भूक जंगलालाच भागवावी लागते. म्हणून ३० ऑक्टोबर २००२ रोजीं न्यायालयानें फर्मावलें कीं, केंद्रीय अधिकारप्राप्त समितीच्या पूर्वपरवानगीवांचून कोणत्याहि राज्यानें अशी गिरणी अगर प्लायवुडचा कारखाना उघडूं देऊं नये. असें असतांहि महाराष्ट्राच्या वनखात्यानें कांहीं कारखान्यांना मोकळीक दिली. १० मे २००६ रोजीं निकाल लागला. पूर्वींचे वनमंत्री स्वरूपसिंग नाईक आणि खात्याचे तत्कालीन प्रधान सचिव अशोक खोत यांना प्रत्येकीं एक महिन्याच्या साध्या कैदेची शिक्षा झाली. त्यांनीं मागितलेली माफी न्यायालयानें स्वीकारली नाहीं. नाईक त्या वेळीं परिवहनमंत्री होते; त्यांना तें पद सोडावें लागलें.

कोणी म्हणेल, न्यायाधीशांनीं आपल्या मानासाठीं इतकें कठोर व्हावें काय? परंतु येथें प्रश्न मानाचा नव्हेच. १९७१ च्या कायद्यानें दिवाणी अवमान म्हणजे हुकुमाचा बुद्धिपुरस्सर भंग. अनवधानानें झालेली चूक त्यांत येत नाहीं. शिक्षेची मर्यादा सहा महिने साधी कैद व दोन हजार रुपये दंड. आणि मनापासूनची माफी न्यायालयाला पटली तर शिक्षा टळतेहि. हुकूम चुकीचा वाटला तर फेरविचाराची अगर अपिलाची वाट सरकारला मोकळी असते. मात्र तो फिरेपर्यंत तो पाळलाच पाहिजे.

इंग्लंडांतहि हाच पेंच पडला होता. झाईर देशांतून आश्रयासाठीं आलेल्या एका शिक्षकाला परत आणण्याचा हुकूम न्यायाधीशानें दिला असतां गृहमंत्री केनेथ बेकर यांनीं तो पाळला नाहीं. १९९३ सालीं तेथील उमराव सभेनें मंत्र्याच्या हातून न्यायालयाचा अवमान झाल्याचा निर्णय दिला. मंत्री हा राजाचा सेवक, ही सबब चालली नाहीं.

सरकारविरुद्ध दावा जिंकणारा बहुधा साधा मनुष्य असतो. कोणाचें निवृत्तिवेतन अडलेलें असतें, कोणाच्या जमिनीचा मोबदला थकलेला असतो. त्याच्यापाशीं फौज नसते, खजिना नसतो. असतो तो निकालाचा एक कागद. मंत्र्याच्या सहीचा कागद आणि हा कागद यांत थोर कोणता, याचें उत्तर जेथें निःसंशय मिळतें, तेथेंच कायद्याचें राज्य आहे असें म्हणतां येईल.