बॅकअप ६३ टक्क्यांवर अडकला तेव्हा



२०११ सालच्या पावसाळ्यातली गोष्ट. एका सोमवारी सकाळी मामांचा गावाहून फोन आला. "अरे, तो तुझा बॅकअप कालपासून ६३ टक्क्यांवर अडकलाय. काय करू?"

मी गडबडीत होतो. म्हणालो, "मामा, पहिलाच बॅकअप आहे, वेळ लागतो. चालू राहू द्या, होईल."

कॉम्प्युटर दुरुस्ती हा माझा व्यवसाय. हे उत्तर मी तोवर कितीतरी जणांना दिलं होतं आणि बहुतेक वेळा ते बरोबरही ठरलं होतं. त्या दिवशी मात्र ते चुकलं.

मामा निवृत्त शिक्षक. नोकरीत असताना सुट्टीच्या दिवशी सायकलवरून सातारा जिल्ह्यातल्या वाड्यावस्त्यांवर जायचे आणि म्हाताऱ्या बायकांकडून जात्यावरच्या ओव्या टेपरेकॉर्डरवर उतरवून घ्यायचे. निवृत्तीनंतर दोन वर्षं खपून त्यांनी त्या साऱ्या कॅसेट कॉम्प्युटरवर चढवल्या. मूळ कॅसेट माळ्यावर गेल्या आणि दोन पावसाळ्यांत त्यांना बुरशी लागली. म्हणजे आता ते सगळे आवाज एकाच ठिकाणी होते, त्या कॉम्प्युटरच्या हार्ड डिस्कमध्ये. म्हणूनच मी त्यांना बाहेरून जोडायची एक डिस्क घेऊन दिली होती आणि बॅकअप कसा घ्यायचा तेही दाखवलं होतं.

मामांनी माझा शब्द मानला. त्यांनी तीन दिवस कॉम्प्युटर बंद केला नाही. गुरुवारी आतून टक् टक् असा आवाज यायला लागला. दुपारी पडदा काळा झाला, तो पुन्हा उजळला नाही.

बिघडलेल्या डिस्कमधून माहिती काढून देणारे काही जण मुंबईत आहेत, त्यांच्याकडे ती पाठवली. खर्च मामांच्या महिन्याच्या पेन्शनपेक्षा जास्त आला. बरंचसं परत मिळालं. जे मिळालं नाही, त्यात एक फोल्डर माझ्या आजीचं होतं, म्हणजे मामांच्या आईचं. तुम्ही म्हणाल, ६३ टक्के तरी बाहेरच्या डिस्कवर उतरलं असेल ना? तो बॅकअप सगळं मिळून एकच मोठी फाइल बनवणाऱ्या प्रकारातला होता. फाइल पुरी झाली नव्हती, त्यामुळे ती उघडलीच नाही. आमच्या बाबतीत ६३ टक्के म्हणजे शून्यच ठरलं.

मामा मला एका शब्दानं बोलले नाहीत. पण तेव्हापासून, बॅकअप अडकलाय असं कुणी म्हटलं की मी 'थांबा' म्हणण्याआधी चार प्रश्न विचारतो. ते प्रश्न आज तुमच्यापुढे ठेवायचे आहेत. कारण बॅकअप रेंगाळला असेल तर थांबणं कधी शहाणपणाचं असतं आणि कधी घातक, हा फरक घरच्या घरीही ओळखता येतो.

बॅकअप म्हणजे विहिरीचं पाणी काढून हौद भरण्यासारखं काम. विहीर म्हणजे तुमच्या कॉम्प्युटरची डिस्क. पाइप म्हणजे केबल किंवा इंटरनेट. हौद म्हणजे बाहेरची डिस्क किंवा दूरवरची ऑनलाइन जागा. हौद भरत नसेल तर दोष या तिन्हींपैकी कुठंतरी असणार. तिन्हींवर एकदम धावून जाण्यात अर्थ नसतो.

पहिला प्रश्न असा, की काम खरंच थांबलंय की फक्त हळू चाललंय? पडद्यावर किती जीबी झाले, किती फाइली झाल्या, तो आकडा कागदावर लिहा आणि अर्ध्या तासानं पुन्हा बघा. टक्क्यांवर फार विसंबू नका. काही प्रोग्राम फाइलींची संख्या मोजून टक्के दाखवतात. मध्येच लग्नाचा मोठा व्हिडिओ आला की टक्का तिथंच उभा दिसतो, आत काम चालू असतं. उलट लाखभर छोट्या फाइली असतील, तर एकूण आकार कमी असूनही वेळ जास्त लागतो. एक क्विंटल धान्य दोन पोत्यांत भरून उचलणं आणि मूठमूठ करून नेणं यात जेवढा फरक, तेवढाच इथं असतो. प्रत्येक फाइल उघडायची, तिची नोंद करायची, मग बंद करायची. त्यात अँटिव्हायरस प्रत्येक फाइल तपासत बसतो. अशा वेळी आकडा हळूहळू का होईना, पण पुढं सरकत असतो. तो सरकत असेल तर थांबा. पहिला बॅकअप सगळ्यात लांबतो. पुढच्या वेळी बहुतेक प्रोग्राम फक्त बदललेल्या फाइली घेतात.

दुसरा प्रश्न पाइपचा. यूएसबीची जुनी, दुसऱ्या पिढीची जोडणी असेल तर सेकंदाला साधारण ३५ एमबी जातात. ५०० जीबीला चार तास लागणारच. तिसऱ्या पिढीच्या जोडणीवर तीच डिस्क सेकंदाला १०० एमबी घेऊ शकली, तर हे काम दीड तासाच्या आत होतं. बऱ्याच कॉम्प्युटरवर या नव्या जोडणीचं तोंड आतून निळं असतं. डिस्क निळ्यात लावायची सोडून शेजारच्या काळ्यात लावलेली मी कितीतरी घरांत पाहिली आहे. कधी केबल सैल असते, कधी एकाच हबवर चार गोष्टी लटकवलेल्या असतात आणि डिस्कला पुरेशी वीज मिळत नाही. दुसरी केबल लावून बघा, हब काढून थेट कॉम्प्युटरला जोडून बघा. यात पैसे जात नाहीत.

ऑनलाइन बॅकअप घेत असाल तर थोडं गणित करा. इंटरनेटचा वेग मेगाबिटमध्ये सांगतात आणि फाइली मोजतात मेगाबाइटमध्ये. आठ बिट मिळून एक बाइट होतो. शिवाय पुष्कळ जोडण्यांवर माहिती उतरवून घेण्याचा वेग मोठा आणि वर पाठवण्याचा लहान असतो. बॅकअपला हा दुसरा वेग लागतो. तो १० मेगाबिट असेल, तर २०० जीबी चढायला अखंड ४४ तास लागतात. रात्री कॉम्प्युटर झोपी गेला की काम थांबतं. मग सकाळी आपण म्हणतो, बॅकअप अडकला. वीज वाचवण्यासाठी असलेली ती आपोआप झोपण्याची सोय तेवढ्यापुरती बंद ठेवा. बऱ्याच मोबाइलमध्येही वाय-फाय आणि चार्जर जोडलेला असेल तरच बॅकअप पुढं सरकतो.

तिसरा प्रश्न हौदाचा. हौदात जागा आहे का, हे आधी बघा. ती असूनही काम एखाद्या मोठ्या फाइलपाशी थांबत असेल, तर डिस्कची मांडणी तपासा. अनेक पेन ड्राइव्ह आणि काही जुन्या डिस्क 'फॅट ३२' या पद्धतीनं मांडलेल्या असतात. त्या मांडणीत ४ जीबीची एक अखंड फाइल मावत नाही. डिस्क रिकामी असली तरी मावत नाही. 'एक्सफॅट' किंवा 'एनटीएफएस' अशी मांडणी केली की हा प्रश्न सुटतो. पण मांडणी बदलताना डिस्कवरचं सगळं पुसलं जातं. आधी त्यावरचं दुसरीकडे हलवा.

आणखी एक गंमत आहे. काही हार्ड डिस्कमध्ये जागा वाचवण्यासाठी माहितीच्या पट्ट्या एकमेकींवर थोड्या चढवून लिहितात, अगदी छपरावरच्या कौलांसारख्या. एक कौल बदलायचं तर वरची कौलं उचलावी लागतात. म्हणून अशी डिस्क नवी माहिती आधी एका बाजूला उतरवून घेते आणि सवडीनं जागेवर लावते. एका दमात फार माहिती आली की बाजूची जागा भरते आणि वेग एकदम कोसळतो. याला बिघाड म्हणता येत नाही. डिस्क जोडलेली ठेवून तिला थोडी उसंत दिली की ती मार्गी लागते. इथंही 'थांबा' हेच बरोबर उत्तर.

आता चौथा प्रश्न. मी मामांना तो विचारलाच नव्हता. विहीरच आटत चालली आहे का?

हार्ड डिस्कमधली एखादी जागा खराब झाली की डिस्क ती वाचण्याचा प्रयत्न पुन्हा पुन्हा करते. बॅकअप तिथं अडतो. आपल्याला वाटतं, काम चालू आहे. काम चालू असतंच, पण ते मरणाऱ्या डिस्कला ओझं वाहायला लावण्याचं. याच्या खुणा ठरलेल्या आहेत. प्रत्येक वेळी त्याच फाइलपाशी अडकणं. साधं फोल्डर उघडायलाही मिनिट लागणं. टक् टक् किंवा खरखर असा आवाज. विंडोजच्या टास्क मॅनेजरमध्ये डिस्क १०० टक्के गुंतलेली दिसते, पण माहिती जवळजवळ जात नाही, हीदेखील एक खूण. डिस्क स्वतःच्या तब्येतीची नोंद ठेवत असते. तिला 'स्मार्ट' म्हणतात. 'क्रिस्टलडिस्कइन्फो' नावाच्या मोफत प्रोग्रामनं ती वाचता येते. तिथं सावधानतेची पिवळी किंवा लाल खूण दिसली तर एक तासही वाट बघू नका.

बॅकअप थांबवा. जे पुन्हा मिळणार नाही ते आधी, हातानं, एकेक फोल्डर करून दुसरीकडे उतरवा. सिनेमे आणि प्रोग्राम नंतर, किंवा नाही उतरवले तरी चालेल. एखादी फाइल अडली की तिला सोडून पुढं जा. अशा डिस्कवर दुरुस्तीचे प्रोग्राम चालवत बसू नका. त्यांनी आजारी डिस्कवर ताण आणखी वाढतो. आवाज येत असेल तर कॉम्प्युटर बंद करून जाणकाराकडे न्या. मामांनी सोमवारी पहिलं फोल्डर म्हणून आजीचं उतरवून घेतलं असतं, तर बहुधा पंधरा मिनिटं लागली असती.

बॅकअपचा अडकण्याहून वाईट प्रकार म्हणजे गुपचूप बंद पडणं. 'टॉय स्टोरी २' हा चित्रपट तयार होत असताना, १९९८ मध्ये, पिक्सारमध्ये चुकीच्या एका आज्ञेनं त्याच्या बहुतेक फाइली पुसल्या गेल्या. बॅकअप काढायला गेले तर तो नीट होतच नव्हता. गॅलिन सस्मन या तंत्र-दिग्दर्शिका बाळंतपणामुळे घरून काम करत होत्या. त्यांच्या घरच्या कॉम्प्युटरवर प्रत होती, म्हणून चित्रपट वाचला. ३१ जानेवारी २०१७ ला गिटलॅब या कंपनीत एका कर्मचाऱ्याच्या हातून मुख्य माहितीसाठा पुसला गेला. रोजचा बॅकअप होत नव्हता, आणि तो होत नसल्याचे इशारे देणारे ईमेल कुणापर्यंत पोचतच नव्हते. सहा तासांपूर्वीची एक प्रत होती म्हणून निभावलं, पण त्या सहा तासांतलं काम गेलं. जिथं तज्ज्ञांची फौज असते तिथली ही गत, तर आपण 'बॅकअप लावून ठेवलाय' एवढ्यावर निर्धास्त कसं राहायचं?

छायाचित्रकार पीटर क्रोग यांनी एक सोपा नियम रूढ केला आहे. तीन प्रती, दोन वेगळ्या साधनांवर, आणि त्यातली एक दुसऱ्या जागी. हे दुसऱ्या जागेचं आपण विसरतो. ऑगस्ट २०१९ मध्ये सांगली-कोल्हापुरात महापूर आला. अशा पुरात टेबलावरचा कॉम्प्युटर आणि त्याच टेबलाच्या खणातली बॅकअपची डिस्क एकाच पाण्यात बुडतात. एक प्रत मुलीच्या सासरी, भावाच्या घरी, किंवा ऑनलाइन असू द्या.

आणि महिन्यातून एकदा बॅकअपमधली एक फाइल परत काढून, उघडून बघा. 'पूर्ण झाला' या संदेशावर भागवू नका. हौद भरला की नाही हे तोटी सोडल्यावरच कळतं.

आमच्या आजीच्या ओव्यांपैकी एक वाचली. मामांनी एका दिवाळीत माझ्या आईसाठी तिची सीडी करून दिली होती. ती आईच्या कपाटात साड्यांखाली सापडली. सव्वातीन मिनिटं जात्याची घरघर आणि आजीचा आवाज. आता त्या फाइलीच्या तीन प्रती आहेत. दर महिन्याच्या पहिल्या रविवारी मी माझा बॅकअप तपासतो, तेव्हा परत काढून बघायला तीच फाइल निवडतो. सव्वातीन मिनिटं पूर्ण ऐकतो आणि मग कॉम्प्युटर बंद करतो.

तुमच्या घरातही अशी एखादी फाइल असेल. तिची दुसरी प्रत कुठं आहे आणि ती उघडते का, एवढं बघून घ्या.



(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)