पडद्यामागील विनोद

विनोदी नाटक पाहून घरी परतणाऱ्याच्या स्मरणात नट राहतो, फार तर नाटककार राहतो. दिग्दर्शकाचे नाव मात्र हास्याच्या लाटेत वाहून जाते. १९४५ साली ग्लासगो येथे जन्मलेले बॉब स्पायर्स यांच्या वाट्यालाही हेच आले.

टॉर्की येथील एका तापट हॉटेलमालकाची कथा सांगणारी ‘फॉल्टी टॉवर्स’ ही बी.बी.सी.ची मालिका जगभर गाजली. तिचे १९७९ मधील अखेरचे सहा भाग स्पायर्स यांनी दिग्दर्शित केले. शेवटच्या भागात हॉटेलात आरोग्य निरीक्षक आलेला असतो आणि भोळ्या वेटरने पाळलेला उंदीर नेमका त्याच वेळी मोकाट सुटलेला असतो. उंदीर कोठे आहे हे निरीक्षकाच्या क्षणभर आधी प्रेक्षकाला कळले, तर हसू फुटते. दोघांना एकदम कळले, तर नुसता दचका बसतो. लेखकाने लिहिलेल्या विनोदातील हा क्षण सांभाळणे, हे दिग्दर्शकाचे काम.

मुलांसाठी लिहावयाचे वा दाखवावयाचे म्हटले, की पुष्कळ कलावंत आवाज गोड करतात आणि आशय पातळ करतात. स्पायर्स यांनी तसे केले नाही. शाळकरी मुलांनी चालविलेल्या वृत्तपत्राची कथा सांगणारी ‘प्रेस गँग’ ही मालिका १९८९ साली त्यांच्याच दिग्दर्शनाने सुरू झाली. स्टीव्हन मॉफट यांचे दूरचित्रवाणीसाठी हे पहिलेच लेखन. तीत चुरचुरीत संवाद होते, तसेच बालकांवरील अत्याचारासारखे दारुण विषयही होते. बालप्रेक्षकाला हसणेही कळते आणि दुःखही कळते, हा विश्वास तिच्या मुळाशी होता.

या मालिकेत करारी संपादिकेची भूमिका ज्युलिया सवाल्हा यांनी केली. पुढे १९९२ मध्ये स्पायर्स यांनी ‘ॲब्सोल्यूटली फॅब्युलस’ दिग्दर्शित केली, तेव्हा त्याच अभिनेत्रीकडे समंजस मुलीची भूमिका होती. पोरकटपणा होता तो तिच्या आईकडे! पहिली मालिका मुलांची, दुसरी मोठ्यांची. परंतु वयावरून शहाणपण मोजू नये, हे दोन्हींत सारखेच दिसते.

स्पायर्स २००८ साली निवर्तले. त्या उंदराला पाहून लोक आजही हसतात. हसण्याचा तो क्षण कोणी सांभाळला, हे मात्र क्वचितच कोणी विचारतो.