वास्तू टिकते ती वापराने



स्वागत समितीच्या वतीने मी आपणा सर्वांचे हैदराबादेत मनःपूर्वक स्वागत करतो. हे शहर मराठी माणसाला परके नाही. मराठवाडा १९५६ पर्यंत हैदराबाद राज्यातच होता. केशवराव कोरटकर, वामनराव नाईक यांच्या पिढीने १९०७ मध्ये येथे विवेकवर्धिनी उभी केली. १९३१ चे मराठी साहित्य संमेलन डॉ. श्रीधर व्यंकटेश केतकरांच्या अध्यक्षतेखाली येथेच भरले. जुन्या वास्तूंच्या जतनाचा विचार करायला आपण याच गावी जमलात, याचा आम्हा हैदराबादकर मराठी मंडळींना अभिमान वाटतो.

स्वागताध्यक्षाने आपल्या गावाची ओळख करून द्यावी, असा प्रघात आहे. चारमिनार आणि गोवळकोंडा आपण पाहालच. मी एकाच वास्तूविषयी बोलणार आहे. ती म्हणजे चारमिनारपासून पाचेक किलोमीटरवर, टेकडीच्या माथ्यावर उभा असलेला फलकनुमा राजवाडा.

३ मार्च १८८४ रोजी नवाब विकार-उल-उमरा यांनी त्याचा पाया घातला. पायगा घराण्यातले हे अमीर सहावे निजाम मीर महबूब अली खान यांचे मेहुणे होते. पुढे ते राज्याचे दिवाणही झाले. युरोपीय अभिजात शैलीची त्यांना मोठी ओढ. म्हणून दर्शनी भागात ग्रीक-रोमन धाटणीचे खांब, आत इटालियन संगमरवर आणि रंगीत काचांच्या खिडक्या. ग्रंथालयाचे छत विंडसर किल्ल्यातल्या छताच्या धर्तीवर अक्रोडाच्या लाकडात कोरलेले. मागच्या बाजूला मात्र जनाना आणि अंगणे, अगदी हैदराबादी रिवाजाप्रमाणे. भोजनगृहात एकच लांबलचक टेबल आहे आणि त्यावर एका पंगतीला १०१ माणसे बसतात. एका टोकाचे साधे बोलणे दुसऱ्या टोकाला ऐकू यावे अशी त्या दालनाची रचना आहे, असे सांगतात.

बांधकाम जवळजवळ नऊ वर्षे चालले आणि खर्च नवाबांना डोईजड झाला. १८९७ च्या सुमारास राजवाडा निजामांकडे गेला आणि राज्याचे अतिथिगृह बनला. पुढे पाचवे जॉर्ज म्हणून गादीवर आलेले ब्रिटनचे युवराज येथे उतरले. १९११ मध्ये महबूब अली खान यांचे निधन याच राजवाड्यात झाले. १९५१ मध्ये राष्ट्रपती डॉ. राजेंद्रप्रसाद येथे राहून गेले. त्यानंतर वर्षानुवर्षे दारे बंदच राहिली. बंद घरात ओल आणि वाळवी काय करतात, हे आपल्यासारख्यांना सांगायला नको.

२००० मध्ये ताज समूहाने डागडुजीचे काम हाती घेतले. निजाम घराण्यातल्या राजकन्या एसरा यांनी त्यावर जातीने लक्ष ठेवले. झुंबरे, लाकूडकाम, भित्तिचित्रे, गालिचे, पडदे अशी एकेक गोष्ट मार्गी लावायला तब्बल दहा वर्षे लागली. नोव्हेंबर २०१० मध्ये साठ खोल्यांचे पंचतारांकित हॉटेल म्हणून फलकनुमा पुन्हा उघडला.

राजवाड्याचे हॉटेल झाले म्हणून नाक मुरडणारे आहेत. मी त्यांच्यातला नाही. वास्तू टिकते ती वापराने. रोज झाडलोट करणारा हात, गळती लागताच छतावर चढणारा गवंडी आणि या सगळ्याचा खर्च निघेल असे उत्पन्न, या तीन गोष्टींविना इतकी मोठी इमारत उभी राहत नाही. फलकनुमाला त्या हॉटेलमुळे मिळाल्या.

पण एवढ्यावर समाधान मानता येणार नाही. पायगा अमिरांच्या जहागिरी मराठवाड्यातही होत्या. या संगमरवराच्या मोलात तिथल्या कुणब्याने भरलेला सारा आहे. आज त्याच्या नातवाला आत पाऊल टाकायचे तर आधी नोंदणी करून भरपूर पैसे मोजावे लागतात. म्हणून याच शहरातला चौमहल्ला राजवाडाही आवर्जून पाहा. तीही निजाम घराण्याचीच वास्तू, देखरेख एसरा यांचीच. पण तिचे संग्रहालय झाले आणि साधे तिकीट काढून कोणीही आत जाऊ शकतो. २०१० मध्ये युनेस्कोने तिच्या जतनाचा गौरव केला. तिसरे उदाहरण याच शहरातल्या एर्रम मंझिल या राजवाड्याचे. २०१९ मध्ये तो पाडून तिथे नवे विधानभवन बांधायचे ठरले होते. नागरिक न्यायालयात गेले आणि उच्च न्यायालयाने तो निर्णय रद्द केला.

पैसा, लोकांसाठी उघडे दार आणि जागे नागरिक, या तिन्ही गोष्टींची सांगड कशी घालायची, हा या परिषदेपुढचा खरा प्रश्न आहे. मराठवाड्यातल्या गढ्या आणि वाडे डोळ्यांदेखत ढासळत आहेत. त्या सगळ्यांना मोठा हॉटेल समूह मिळणार नाही. पण कुठे वाचनालय, कुठे शाळा, कुठे छोटे निवासस्थान नक्की होऊ शकते. माझी आग्रहाची विनंती आहे की, प्रत्येक प्रतिनिधीने आपल्या तालुक्यातली एक वास्तू निवडावी, तिची मोजमापे, छायाचित्रे आणि मालकीची कागदपत्रे गोळा करावीत आणि समारोपापूर्वी तिच्या वापराची एक योजना या सभेपुढे मांडावी. त्या योजना संबंधित शासकीय कार्यालयांपर्यंत पोहोचवण्याची जबाबदारी स्वागत समिती घेईल.

आमच्या व्यवस्थेत काही उणे राहिले तर हक्काने सांगा. चर्चा मोकळेपणाने करा. आपणा सर्वांचे पुनश्च स्वागत.